खेळ न उघडता पडद्याची बिंदुसंख्या बदलणे

संगणकावरील एखादा जुना खेळ पुन्हा बाहेर काढणाऱ्या माणसावर कधीकधी मोठा चमत्कारिक प्रसंग येतो. खेळ सुरू होतो, संगीत ऐकू येते, कळ दाबली की तिचा आवाजही उमटतो. परंतु पडदा काळा तो काळाच राहतो. किंवा मॉनिटरच एक लहानशी चौकट दाखवून कळवतो की, आलेला संकेत त्याच्या मर्यादेबाहेरचा आहे. चित्राचे माप बदलण्याची सोय खेळात आहे, हे त्या माणसाला ठाऊक असते. पण ती सोय खेळाच्या आत, सूचीच्या तिसऱ्या-चौथ्या पानावर असते, आणि ते पान वाचायचे तर आधी पडद्यावर काहीतरी दिसावे लागते. पुष्कळ जण अशा वेळी खेळ काढून टाकून पुन्हा बसवतात. त्यानेही भागले नाही की, संगणकच बिघडला असे समजून दुरुस्तीच्या दुकानाची वाट धरतात. वास्तविक बिघडलेले काहीच नसते. दोन आकडे चुकलेले असतात, आणि ते आकडे बहुतेक वेळा खेळाच्या बाहेर, कोणालाही उघडता येईल अशा जागी लिहून ठेवलेले असतात.

हे आकडे कशाचे, ते प्रथम पाहू. संगणकाच्या पडद्यावरील चित्र बारीक बिंदूंचे बनलेले असते. या बिंदूंना पिक्सेल म्हणतात. आडव्या ओळीत किती बिंदू आणि अशा ओळी किती, या दोन संख्यांच्या जोडीला व्यवहारात रिझोल्यूशन हा शब्द रूढ आहे. येथे आपण तिला बिंदुसंख्या म्हणू. आयबीएम कंपनीने १९८७ मध्ये आणलेल्या व्हीजीए पद्धतीत ६४० बाय ४८०, म्हणजे एकूण ३,०७,२०० बिंदू दाखवता येत. आज सर्वत्र आढळणाऱ्या १९२० बाय १०८० च्या पडद्यावर २०,७३,६०० बिंदू असतात, म्हणजे बरोबर पावणेसातपट. खेळात हे सर्व बिंदू सेकंदाला अनेक वेळा नव्याने रंगवावे लागतात. त्यामुळे बिंदुसंख्या वाढवली की चित्र रेखीव होते, पण यंत्रावरील भारही वाढतो. ज्याच्याजवळ साधा, स्वस्त संगणक आहे त्याला ती कमी करणे हाच खेळ सुरळीत चालवण्याचा पहिला उपाय असतो.

काचेच्या नळीचे जुने मॉनिटर अनेक मापांची चित्रे सारख्याच सहजतेने दाखवीत. मात्र सेकंदाला किती ओळी काढता येतील याला त्यांच्यात एक कमाल मर्यादा असे. हल्लीच्या चपट्या पडद्यांत बिंदू कायमचे जडवलेले असतात. त्यांना मूळ मापाहून लहान चित्र दिले, तर ते ताणून बसवावे लागते आणि किंचित पुसट दिसते. पेलण्यापलीकडचे माप दिले, तर पडदा बहुधा नकार देतो. खेळातील नोंद एका मॉनिटरसाठी केलेली आणि समोर मॉनिटर दुसराच, अशी स्थिती आली की वर सांगितलेला प्रसंग ओढवतो. मॉनिटर बदलला, लॅपटॉप दूरचित्रवाणी संचाला जोडला, किंवा मित्राच्या संगणकावरून खेळाचे सबंध फोल्डर उचलून आणले, की हे सहज घडते.

आता प्रश्न असा की, ही नोंद खेळाच्या बाहेर का असते? कार्यक्रम बंद होताच स्मृतीतील त्याची सर्व सामग्री पुसली जाते. खेळणाऱ्याने काल केलेली निवड आज आठवायची तर ती डिस्कवर लिहून ठेवणे भाग आहे. शिवाय खेळाला सूचीचे पहिले पान रंगवण्यापूर्वीच पडद्याचे माप ठरवावे लागते. म्हणून सुरू होताच तो आधी ही नोंद वाचतो, मग पडदा त्या मापाचा करतो, आणि त्यानंतरच काही दिसू लागते. वाचन आधी, चित्र नंतर, हा क्रम ध्यानात आला की उपायही सुचतो. खेळ वाचण्यापूर्वी आपण ती नोंद दुरुस्त करावी.

ही नोंद कशी लिहायची हे खेळ रचणाऱ्यांच्या मर्जीवर असते, आणि त्यांच्या त्या निर्णयावरच पुढे खेळणाऱ्याची सोय किंवा गैरसोय अवलंबून राहते. या बाबतीत अमेरिकेतील टेक्सासच्या इड सॉफ्टवेअर या कंपनीने १९९९ च्या डिसेंबरात प्रसिद्ध केलेल्या ‘क्वेक ३ अरीना’ या खेळाचे उदाहरण अभ्यासण्याजोगे आहे. त्याची मूळ संहिता २००५ मध्ये सर्वांना खुली करण्यात आली, त्यामुळे तो नोंदी कशा आणि कोणत्या क्रमाने वाचतो याविषयी तर्क लढवण्याची गरज उरलेली नाही.

या खेळाच्या फोल्डरात ‘बेसक्यू३’ नावाचे आणखी एक फोल्डर असते आणि त्यात ‘क्यू३कॉन्फिग.सीएफजी’ ही फाइल असते. (ही सर्व नावे प्रत्यक्षात रोमन लिपीत आहेत, येथे ती उच्चाराप्रमाणे दिली आहेत.) ही फाइल नोटपॅडसारख्या अगदी साध्या साधनाने उघडता येते. आत साध्या मजकुराच्या एकाखाली एक ओळी दिसतात. बहुतेक ओळींचा आरंभ ‘सेटा’ या आज्ञेने होतो, मग एक नाव येते आणि त्यापुढे अवतरणचिन्हांत त्याचे मूल्य. त्यांतील ‘आर_मोड’ ही ओळ आपल्या कामाची. नावातील खालची रेघ टंकताना विसरू नये. तिच्यापुढील संख्या ही बिंदुसंख्या नव्हे; तो केवळ क्रमांक आहे. ३ म्हणजे ६४० बाय ४८०, ४ म्हणजे ८०० बाय ६००, ६ म्हणजे १०२४ बाय ७६८, ९ म्हणजे १६०० बाय १२००. खेळ रचला गेला तेव्हा आजचे रुंद पडदे घरोघरी नव्हते, म्हणून या यादीत १९२० बाय १०८० हे माप नाहीच. खेळाच्या सूचीत कितीही शोधले तरी ते सापडणार नाही. परंतु रचणाऱ्यांनी एक पळवाट ठेवली आहे. ‘आर_मोड’ चे मूल्य उणे १ केले की खेळ यादी सोडून देतो आणि ‘आर_कस्टमविड्थ’ व ‘आर_कस्टमहाइट’ या दोन ओळींतील आकडे अनुक्रमे रुंदी व उंची म्हणून घेतो. सूचीत न मिळणारी गोष्ट अशी बाहेरून मात्र मिळते!

पडदा अगदीच काळा पडत असेल, तर आधी ‘आर_फुलस्क्रीन’ चे मूल्य ० करावे. मग खेळ सबंध पडदा न व्यापता नेहमीच्या खिडकीत उघडतो. त्या वेळी मॉनिटरचे माप बदलण्याचा प्रसंगच येत नाही आणि पुढील निवड निवांतपणे करता येते. ‘आर_डिस्प्लेरिफ्रेश’ ही ओळही पाहून घ्यावी. चित्र सेकंदाला किती वेळा ताजे करायचे ते तीत असते, आणि माप बरोबर असूनही हा आकडा अवास्तव असल्यास मॉनिटर संकेत नाकारतो. तेथे ० ठेवले की ती निवड संगणकाच्या कार्यप्रणालीकडे सोपवली जाते.

या फाइलीची पहिलीच ओळ वाचकाला बुचकळ्यात टाकणारी आहे. ही फाइल खेळाने निर्माण केली आहे, तीत बदल करू नये, अशा अर्थाची ताकीद तेथे इंग्रजीत दिलेली असते. ताकीद खोटी नाही, पण तिचा रोख वेगळा आहे. खेळ आपल्या चालू नोंदी या फाइलीत वेळोवेळी नव्याने उतरवतो. म्हणून खेळ चालू असताना तीत केलेला बदल बहुधा पुसला जातो. खेळ पूर्ण बंद असताना केलेला बदल मात्र पुढच्या वेळी निमूटपणे वाचला जातो. याहूनही नेटका मार्ग म्हणजे त्याच फोल्डरात ‘ऑटोएक्झेक.सीएफजी’ या नावाची स्वतःची फाइल तयार करणे. खेळ आधी आपल्या मूळ नोंदी वाचतो, नंतर ‘क्यू३कॉन्फिग’ आणि त्यानंतर ही फाइल. शेवटी वाचलेले मूल्य टिकते. तीन-चार ओळींची ही फाइल एकदा करून ठेवली की खेळ आपल्या नोंदी कितीही वेळा लिहो, आपले म्हणणे दर वेळी वरचढ ठरते.

फाइलीला मुळीच हात न लावता काम साधण्याचाही एक उपाय आहे. खेळाच्या शॉर्टकटवर उजवी कळ दाबून त्याचे गुणधर्म उघडले, तर ज्या ओळीत कार्यक्रमाचा पत्ता असतो त्याच ओळीत पुढे आज्ञा जोडता येतात. क्वेकमध्ये अधिक चिन्ह, ‘सेट’ हा शब्द, नाव आणि मूल्य अशी रचना असते. व्हॉल्व्ह कंपनीच्या ‘हाफ-लाइफ’ मालिकेतील खेळांत वजाचिन्ह व ‘डब्ल्यू’ यांपुढे रुंदी, आणि वजाचिन्ह व ‘एच’ यांपुढे उंची लिहितात. स्टीम या वितरणसेवेतून घेतलेल्या खेळांसाठी याच आज्ञा त्या खेळाच्या गुणधर्मांतील रिकाम्या चौकटीत लिहिता येतात. एखादे माप आपल्या पडद्याला मानवते की नाही, हे अजमावून पाहण्यास हा मार्ग विशेष सोयीचा.

इतर खेळांतही तत्त्व हेच, फक्त जागा वेगळी. २०११ मध्ये निघालेल्या ‘स्कायरिम’ ची नोंद वापरकर्त्याच्या ‘डॉक्युमेंट्स’ मधील ‘माय गेम्स’ या फोल्डरात ‘स्कायरिमप्रेफ्स.आयएनआय’ या फाइलीत असते आणि तीही साध्या मजकुराची आहे. खेळ पुन्हा बसवूनही काळा पडदा का जात नाही, याचे उत्तर येथे मिळते. खेळ काढून टाकला तरी ‘डॉक्युमेंट्स’ मधील फाइल बहुधा जागच्या जागी राहते आणि नव्याने बसवलेला खेळ तीच जुनी चूक पुन्हा वाचतो.

सर्वच रचनाकार इतके उदार नसतात. ‘ग्रँड थेफ्ट ऑटो : सॅन अँड्रियास’ हा खेळ संगणकासाठी २००५ मध्ये आला. त्याची ‘जीटीए_एसए.सेट’ ही फाइल नोटपॅडने उघडली तर निरर्थक चिन्हांची रांग दिसते, कारण ती माणसाने वाचण्यासाठी लिहिलेलीच नाही. अशा वेळी एकच साधा उपाय उरतो. ती फाइल दुसरीकडे हलवावी, म्हणजे खेळ नोंद सापडत नाही असे पाहून मूळ मापाने सुरू होतो. मात्र तिच्यासोबत कळांची व आवाजाची आपली मांडणीही जाते. दोन आकड्यांसाठी सगळे घर रिकामे करावे लागावे, ही रचना काही चांगली म्हणता येणार नाही.

या दोन टोकांच्या मधली तिसरी जागा म्हणजे विंडोज कार्यप्रणालीची रजिस्ट्री नावाची मध्यवर्ती नोंदवही. युनिटी या साधनाने रचलेले पुष्कळसे खेळ आपली रुंदी व उंची तेथे ठेवतात. रजिस्ट्रीत संख्या प्रथम षोडशमान पद्धतीत दिसते, म्हणून १९२० च्या जागी ७८० आणि १०८० च्या जागी ४३८ पाहून गोंधळू नये. चौकटीत दशमान पद्धत निवडली की ओळखीचे आकडे दिसतात. या नोंदवहीत इतर सर्व कार्यक्रमांच्याही नोंदी असतात, त्यामुळे तेथे हवे तेवढेच बदलावे आणि आधी त्या भागाची प्रत काढून ठेवावी. युनिटीच्या बहुतेक खेळांना शॉर्टकटमधून ‘स्क्रीन-विड्थ’ व ‘स्क्रीन-हाइट’ या आज्ञाही देता येतात. जमेल तेथे तोच मार्ग पत्करणे शहाणपणाचे.

बदल करूनही काही फरक पडला नाही, अशी तक्रार वारंवार ऐकू येते. तिची कारणे ठरावीक आहेत. नोटपॅड नव्या फाइलीच्या नावापुढे आपले ‘.टीएक्सटी’ हे शेपूट जोडतो आणि विंडोज ते लपवते; नाव बरोबर दिसते, पण खेळाला त्या नावाची फाइल सापडत नाही. दुसरे कारण अधिक फसवे आहे. विंडोजच्या व्हिस्टा या आवृत्तीपासून ‘प्रोग्रॅम फाइल्स’ या फोल्डरात सामान्य कार्यक्रमांना लिहू देत नाहीत. क्वेकसारखा जुना खेळ तेथे लिहू लागला, तर कार्यप्रणाली ती फाइल गुपचूप वापरकर्त्याच्या ‘व्हर्च्युअलस्टोअर’ नावाच्या फोल्डरात ठेवते आणि खेळाला भासवते की ती मूळ जागीच आहे. आपण मूळ जागची प्रत दुरुस्त करीत बसतो आणि खेळ वाचतो दुसरीच. जुने खेळ ‘प्रोग्रॅम फाइल्स’ च्या बाहेर स्वतंत्र फोल्डरात बसवले की हा घोळ मुळातच टळतो. याखेरीज काही खेळांच्या नोंदींची प्रत वितरणसेवेच्या दूरस्थ संगणकावर ठेवलेली असते आणि खेळ सुरू होताना ती जुनी प्रत परत येऊन आपल्या दुरुस्तीवर बसते. त्या खेळापुरती ही सोय थांबवून मग बदल करावा.

माप बरोबर बसल्यावर जुन्या खेळात एक उणीव उरतेच. क्वेक ३ मधील दृष्टीचा आडवा कोन मुळात ९० अंश आहे, आणि तो ४ : ३ प्रमाणाच्या पडद्यासाठी योजलेला आहे. १६ : ९ च्या पडद्यावर तोच कोन ठेवला, तर वरचा व खालचा भाग कापला जातो आणि दालन अंगावर आल्यासारखे वाटते. ‘सीजी_एफओव्ही’ या ओळीत १०६ लिहिले की उभा विस्तार जवळजवळ पूर्वीइतका होतो आणि दोन्ही बाजूंना अधिक दिसू लागते. आरोग्याचे व दारूगोळ्याचे आकडे मात्र आडवे ताणलेलेच राहतात. खेळ ते ६४० बाय ४८० च्या कल्पित पडद्यावर आखतो आणि मग सबंध रुंदीभर पसरवतो.