अर्धा वाटा, पाऊण तास

फ्लॉरेन्सहून सकाळी निघून सिएना, कियांतीचा द्राक्षप्रदेश, सान जिमिन्यानो आणि पिसा दाखवून रात्री पुन्हा फ्लॉरेन्सला आणून सोडणारी बससहल हा टस्कनीतील पर्यटनव्यवसायाचा सर्वांत रुळलेला प्रकार आहे, आणि बहुधा त्याच कारणाने इतिहासाचे व वाईनचे जाणकार तिच्याकडे फारशा आदराने पाहत नाहीत. एका दिवसात चार गावे म्हणजे एकही गाव धड न पाहणे, हा त्यांचा आक्षेप खोटा नाही. परंतु त्यात विचार होतो तो केवळ बसलेल्या प्रवाशांचा, बस चालवणाऱ्याचा आणि दिवसभर माईक हातात घेऊन बोलणाऱ्या व्यक्तीचा होत नाही. युरोपात कोचने फिरून आलेल्या मराठी प्रवाशांच्या बोलण्यातही एक तक्रार हमखास ऐकू येते, ती अशी की तिकडचा ड्रायव्हर नियमावर बोट ठेवतो आणि दहा मिनिटेसुद्धा इकडची तिकडे होऊ देत नाही. तो नियम नेमका काय आहे, आणि त्याच्या चौकटीत सहलीचा दिवस कसा रचला जातो, हे समजून घेण्यासाठी ऑक्टोबरच्या आरंभी, म्हणजे द्राक्षांची तोडणी संपत आलेली असताना, केलेल्या अशा एका सहलीच्या निरीक्षणावर प्रस्तुत लेख आधारलेला आहे.

युरोपीय संघाचा 2006 सालचा 561 क्रमांकाचा नियम मालवाहू ट्रक आणि प्रवासी कोच या दोहोंच्या चालकांना लागू होतो. त्यानुसार साडेचार तास गाडी चालवून झाली की चालकाने किमान 45 मिनिटांची विश्रांती घेतलीच पाहिजे, दिवसभरातील एकूण चालवणे सामान्यतः नऊ तासांच्या आत राहिले पाहिजे आणि दोन कामाच्या दिवसांमध्ये सामान्यतः सलग 11 तासांची विश्रांती मिळाली पाहिजे. या सर्वांची नोंद टॅकोग्राफ ठेवतो, म्हणजे चालकासमोर बसवलेले असे उपकरण की ज्यात त्याने स्वतःचे कार्ड घातल्यापासून वेग, अंतर आणि काम-विश्रांतीचे प्रत्येक मिनिट नोंदले जाते, आणि जे रस्त्यात कुठेही तपासले जाऊ शकते. येथे एक गोष्ट बाहेरच्या माणसाच्या सहसा लक्षात येत नाही: गाडी उभी असणे म्हणजे विश्रांती नव्हे. त्या वेळात चालकाने दुसरे कोणतेही काम करायचे नसते, आणि वाहनतळावर कोणाला वाट देण्यासाठी गाडी थोडी पुढे घेतली तरी पाऊण तास पुन्हा पहिल्यापासून मोजावा लागू शकतो.

सिएनाचा मध्यवर्ती चौक, पियात्सा देल काम्पो, 1966 मध्ये मोटारींना बंद करण्यात आला आणि आज जुन्या गावाचा जवळजवळ सर्व भाग वाहनांपासून मुक्त आहे. त्यामुळे कोच प्रवाशांना गावाच्या कडेला उतरवतो आणि स्वतः दूरच्या वाहनतळाकडे निघून जातो. चालकाचा पाऊण तास सुरू होतो तो तिथे पोचून इंजिन बंद केल्यावर. प्रवाशांना मिळणारा वेळ मात्र त्याहून मोठा असतो, कारण त्यात कोचचे जाणे आणि परत येणेही मिळालेले असते. साठीकडे झुकलेला, बेताचेच बोलणारा हा चालक दिवसभरात जे काही बोलला त्यात एक आकडा सतत येत राहिला, आणि तो होता पंचेचाळीस. सिएनात पूर्ण पाऊण तास मिळाला तरी पुढचे तीन टप्पे आणि शेवटी डेपोपर्यंतचे अंतर मिळून साडेचार तासांची मर्यादा पुन्हा ओलांडली जाते, म्हणून सान जिमिन्यानोत दुसरे पंचेचाळीस हवेतच, हा हिशेब त्याने बोटांवर मांडून दाखवला. प्रवाशांच्या हातातील कार्यक्रमपत्रिका ही प्रत्यक्षात त्या बोटांवरच्या हिशेबाची सजवलेली प्रत असते.

गाईडचे काम या हिशेबाच्या आतल्या जागेत चालते. इटलीत प्रवाशांची ने-आण, वेळ आणि जेवण सांभाळणारा सहलप्रमुख वेगळा मानला जातो, आणि ऐतिहासिक स्थळांचे विवरण करण्याचा अधिकार परीक्षा देऊन परवाना मिळवलेल्या गाईडलाच असतो; या सहलीतील गाईडबाई दोन्ही भूमिका एकटीने पार पाडत होत्या. प्रत्येक प्रवाशाच्या कानात छोटा श्रवणसंच असल्याने त्यांना आवाज चढवावा लागत नव्हता. त्यांच्या कामातील खरे कौशल्य बोलण्यापेक्षा गाळण्यात होते. काम्पोच्या विटांच्या फरसबंदीचे नऊ भाग हे 1287 ते 1355 या काळात सिएनावर राज्य करणाऱ्या नऊ जणांच्या मंडळाचे द्योतक आहेत, आणि 2 जुलै व 16 ऑगस्टला याच चौकात होणाऱ्या पालिओ या घोडशर्यतीत 17 मोहल्ल्यांपैकी दहाच मोहल्ल्यांचे घोडे धावतात, एवढे सांगून त्या शर्यतीवरून पुढे सरकल्या, जरी बहुतेक प्रवाशांना शर्यतीविषयीच अधिक ऐकायचे होते. वाचवलेली मिनिटे त्यांनी कॅथेड्रलच्या बाजूला एकाकी उभ्या असलेल्या एका प्रचंड भिंतीपाशी खर्च केली. फ्लॉरेन्सवर मात करण्याच्या ईर्ष्येने सिएनाने 1339 मध्ये कॅथेड्रलचा असा विस्तार आरंभला की अस्तित्वात असलेली इमारत ही नव्या वास्तूची केवळ एक बाजू ठरावी. 1348 मध्ये प्लेगची साथ आली, गावातील निम्म्याहून अधिक माणसे तिने नेली असावीत असा अंदाज आहे, आणि काम जे थांबले ते कायमचेच. छप्पर नसलेल्या त्या भिंतीखाली उभे राहून या गावाचे मध्ययुगीन रूप इतके अभंग का राहिले याचे उत्तर मिळते: ते बदलण्यासाठी लागणारा पैसा आणि माणसे पुढे शतकानुशतके गावाकडे नव्हती.

काम्पो चौकातील नगरभवनात आंब्रोज्यो लोरेन्झेत्ती याने 1338-39 मध्ये रंगवलेली सुशासन आणि कुशासन यांची भित्तिचित्रे आहेत, ज्यांत सुशासित शहराच्या वेशीबाहेर नांगरणी, मळणी आणि द्राक्षमळे दिसतात. शहर आणि शेती हे एकाच राज्यव्यवस्थेचे दोन भाग आहेत, हा विचार युरोपीय चित्रकलेत इतक्या विस्ताराने त्यापूर्वी क्वचितच मांडला गेला असेल. आत जाऊन पाहण्याइतका वेळ सहलीत नसतो. गाईडबाईंनी इमारतीकडे हात केला, दुपारी जे दिसणार आहे ते आत रंगवलेले आहे असे सांगितले, आणि त्या पुढे चालू लागल्या. या सहलीत काही खरोखर हुकत असेल तर ते हे चित्र होय.

सिएनाहून उत्तरेला वळल्यावर डोंगरउतारांवर द्राक्षांच्या सरळ ओळी, ऑलिव्हची राखी-हिरवी झाडे, सरूंच्या रांगा आणि टेकडीवर एकेकटी दगडी घरे दिसू लागतात, आणि बसमधील सर्व फोन काचेकडे वळतात. बहुतेक सहलींत या ठिकाणी काळ्या कोंबड्याची दंतकथा सांगितली जाते: सीमेचा तंटा मिटवण्यासाठी फ्लॉरेन्स आणि सिएना यांनी ठरवले की कोंबडा आरवताच दोन्हीकडून एकेक स्वार निघावा आणि ते भेटतील तिथे हद्द धरावी, तेव्हा फ्लॉरेन्सने आपला काळा कोंबडा उपाशी ठेवला, तो पहाटेच्या बराच आधी आरवला, आणि कियांतीचा बहुतेक प्रदेश फ्लॉरेन्सला मिळाला. तोच कोंबडा 1924 मध्ये स्थापन झालेल्या कियांती क्लासिको उत्पादकसंघाचे चिन्ह आहे. या प्रदेशाची हद्द टस्कनीचा ग्रँड ड्यूक तिसरा कोझिमो याने 1716 मध्ये फर्मान काढून आखली होती. 1932 मध्ये सरकारने कियांती हे नाव आसपासच्या फार मोठ्या टापूला बहाल केले, आणि तेव्हापासून मूळ प्रदेशातील वाईन ‘क्लासिको’ म्हणून वेगळी ओळखली जाते. तिच्यात किमान 80 टक्के सांजोव्हेझे हे काळे द्राक्ष असावे लागते. (हेच द्राक्ष आपल्याकडे सोलापूर जिल्ह्यात अकलूजच्या परिसरात फ्रातेल्ली या वाईनरीने लावले आहे, ज्यात टस्कनीच्या वाईनतज्ज्ञाचा हात आहे.)

गाईडबाईंनी दंतकथा थोडक्यात आटोपली आणि खिडकीबाहेरच्या एका पडक्या घराकडे लक्ष वेधून मेझाद्रियाविषयी सांगायला सुरुवात केली. मेझाद्रिया म्हणजे मध्ययुगापासून विसाव्या शतकापर्यंत टस्कनीत चाललेली अर्धेलीची शेती, जिच्यात जमीन आणि घर मालकाचे, राबणे कुळाच्या संपूर्ण कुटुंबाचे, आणि पीक दोघांत निम्मे-निम्मे. अशा प्रत्येक जमिनीच्या तुकड्यावर, म्हणजे पोदेरेवर, एक घर असे. टेकड्यांवर विखुरलेली जी दगडी घरे आज पोस्टकार्डांवर छापली जातात ती कुळांची घरे आहेत. अनेक ठिकाणी घरातील लग्नालाही मालकाची संमती लागत असे. कुटुंबाला धान्य, तेल आणि वाईन हे सर्व त्याच तुकड्यातून काढायचे असल्याने द्राक्षवेली शेताच्या बांधावर जिवंत झाडांवर चढवल्या जात आणि मधल्या जागेत गहू पेरला जाई. इटलीच्या संसदेने 1964 मध्ये नवे मेझाद्रिया करार करण्यास बंदी घातली आणि चालू करारांत कुळाचा वाटा 58 टक्क्यांवर नेला, तर 1982 च्या कायद्याने उरलेल्या करारांचे खंडाच्या करारांत रूपांतर करण्याची वाट मोकळी केली. कुळकायद्याने ज्यांच्या घराण्याचा इतिहास बदलला अशा मराठी वाचकाला या तारखांचे वजन सांगावे लागू नये. फरक एवढाच की टस्कनीतील असंख्य कुटुंबे कायद्याची वाट न पाहता पन्नास-साठच्या दशकांतच शहरांतल्या कारखान्यांकडे निघून गेली, घरे ओस पडली, आणि रिकाम्या उतारांवर ट्रॅक्टर चालावा म्हणून सरळ ओळींचे, निव्वळ द्राक्षांचे मळे उभे राहिले. सनातन म्हणून ज्याची छायाचित्रे काढली जातात ते हे दृश्य, त्याच्या आजच्या रूपात, साठ-सत्तर वर्षांपलीकडचे नाही. गाईडबाईंचे आजोबा अशाच एका पोदेरेवरचे कूळ होते, हे त्यांनी अगदी शेवटी, एका वाक्यात सांगितले. अर्धे त्यांचे, अर्धे आमचे, असे म्हणताना त्यांचा आवाज माहिती देणाऱ्याचा राहिला नव्हता.

वाईनरीतील क्रम ठरलेला असतो: मळा, पोलादी टाक्या, ओकच्या पिंपांचे तळघर, आणि मग मीठ न घातलेला टस्कनीचा पाव, मेंढीच्या दुधाचे चीज व टोमॅटो-पावाचे कोशिंबीरवजा खाणे यांच्यासोबत चार प्यालांतली वाईन. तळघरापेक्षा माळा अधिक लक्षात राहिला. विन सांतो नावाची गोड वाईन करण्यासाठी पांढऱ्या द्राक्षांचे निवडक घोस तोडणीनंतर माळ्यावर टांगून किंवा चटयांवर पसरून काही महिने सुकवले जातात, हिवाळ्यात त्यांचा दाट रस काढून तो छोट्या पिंपांत जुन्या वाईनच्या गाळासह भरला जातो, पिंपांची तोंडे पक्की बंद केली जातात, आणि ती त्याच माळ्यावर किमान तीन वर्षे उन्हाळ्याची तलखी व हिवाळ्याचा गारठा सोसत पडून राहतात. ऑक्टोबरमध्ये तिथे ताजे टांगलेले घोस आणि जुनी पिंपे एकत्र असतात, आणि त्या अंधाऱ्या जागेत सुकत चाललेल्या द्राक्षांचा, अक्रोडाच्या सालीचा, जुन्या लाकडाचा आणि किंचित शिरक्याचा असा एकवटलेला वास असतो की जिना उतरल्यावरही तो कपड्यांत राहतो. मालकाकडे जाणाऱ्या वाट्यापलीकडे कुळाच्या घरातही सणासुदीसाठी एखादे पिंप भरले जाई, ही माहिती वाईनरीच्या माणसाने दिली नाही. ती गाईडबाईंनी दिली.

सान जिमिन्यानोत एकेकाळी 72 बुरूजवजा मनोरे होते असे सांगतात, आज 14 उभे आहेत. केशराच्या व्यापारावर आणि रोमकडे जाणाऱ्या यात्रेकरूंच्या वर्दळीवर धनवान झालेल्या घराण्यांनी ते परस्परांवरच्या चढाओढीतून बांधले. 1348 च्या प्लेगने हे गावही मोडले, आणि 1353 मध्ये ते फ्लॉरेन्सच्या सत्तेखाली गेले. येथील व्हेर्नाच्चा ही पांढरी वाईन 1966 मध्ये इटलीच्या नियंत्रित मूलस्थानाच्या नव्या कायद्याखाली मान्यता मिळवणारी पहिली वाईन ठरली. वेशीपासून विहिरीच्या चौकापर्यंतची चढण, चौकातले आईसक्रीम आणि परत, एवढ्यात प्रवाशांचा वेळ संपला. खाली वाहनतळावर चालकाचे दुसरे पंचेचाळीस चालू होते; तो आसनावर डोळे मिटून बसला होता, आणि एका प्रवाशाने विसरलेली टोपी घेण्यासाठी दार वाजवले तेव्हा त्याने ते उघडले नाही. प्रवासी रागावला. चालकाची बाजू न्याय्य होती: त्याने उठून दार उघडले, टोपी शोधून दिली, की ते काम झाले असते, आणि त्याची विश्रांती तिथेच मोडली असती.

पिसाचा मनोरा 1990 पासून 2001 पर्यंत बंद ठेवून आणि पायथ्याखालची माती एका बाजूने काढून सावरला गेला, ही अभियांत्रिकीतील मोठी कामगिरी आहे. सहलीत मात्र तो हात टेकवल्याच्या छायाचित्रापुरता उरतो. पिसा वगळले तर सिएनात लोरेन्झेत्तीच्या चित्रांसाठी तास-दीड तास सहज मिळेल, आणि सकाळी भिंतीवर पाहिलेली शेती दुपारी खिडकीतून पाहता येईल. गाईडबाईंचेही तेच मत होते. परंतु जाहिरातीतून मनोरा काढला की तिकिटे खपत नाहीत, असे सहल चालवणाऱ्यांचे म्हणणे त्यांनी सांगितले, आणि ज्यांनी आयुष्यात एकदाच इटलीला यायचे ठरवले आहे त्यांच्यापुढे हे म्हणणे खोडून काढणे अवघड आहे.

पिसाहून निघायला वीस मिनिटे उशीर झाला, कारण दोन कुटुंबे खरेदीत अडकली. फ्लॉरेन्सला प्रवासी उतरल्यावर चालकाला कोच डेपोत न्यायचा होता, आतून झाडायचा होता, डिझेल भरायचे होते, आणि मग कार्ड काढायचे होते. साडेआठला कार्ड निघाले असते तर 11 तासांनी, सकाळी साडेसातला, ते पुन्हा घालता आले असते. ते आठ पन्नासला निघाले. अकराऐवजी नऊ तासांवर भागवण्याची मुभा नियमात आहे, पण दोन साप्ताहिक सुट्ट्यांच्या मध्ये ती तीनदाच वापरता येते, आणि या आठवड्यातील तिन्ही वापरून झाल्या होत्या. म्हणून दुसऱ्या दिवशीच्या सहलीच्या प्रवाशांना रात्रीच संदेश गेला की कोच ठरल्या वेळेपेक्षा वीस मिनिटे उशिरा निघेल, आणि ती वीस मिनिटे गाईडबाईंनी सिएनाच्या वेळातून कापली.