अँथुरियमची रोपे घरीच करा, पण कुजीला जपा



कोकणातल्या आणि गोव्याच्या काही बागांतून पोफळी-माडाच्या सावलीत अँथुरियमची लाल, गुलाबी, पांढरी फुले आता पाहायला मिळतात. झाड परदेशी, मूळचे दक्षिण अमेरिकेतल्या कोलंबिया आणि इक्वेडोरच्या पावसाळी रानातले. पण कूळ मात्र आपल्या ओळखीचे, अळू-सुरणाचे! म्हणून तर त्याचा चीक लागला की हात खाजतो.

पहिली रोपे विकत आणावीच लागतात आणि ती महाग पडतात. पण बाग वाढवण्यासाठी दरवेळी पैसे घालायचे कारण नाही. लावल्यापासून तीन-चार वर्षांनी झाडाचे खोड उंच होते, खालची पाने गळतात, झाड कलते. पुष्कळ जण अशी झाडे उपटून टाकतात. टाकू नका. तीच तुमची रोपवाटिका आहे.

मात्र एक गोष्ट आधी समजून घ्या. देशावरच्या कोरड्या हवेत कलम सुकून मरते. आपल्याकडे दमट हवेत ते कुजून मरते. त्यामुळे पुढची सगळी काळजी कुजीला वाव न देण्याची आहे.

असे का होते?

रानात हे झाड बहुधा मोठ्या झाडांच्या अंगावर वाढते. मुळे सालीला धरून असतात. पाऊस येतो, मुळे भिजतात आणि लगेच वारा लागतो. मुळांना ओल हवी, तितकीच हवाही हवी. गच्च मातीत लावले की हवा कोंडते आणि मूळ काळे पडते.

रोपे कशापासून करावी?

१) फुटवे : केळीला मुनवे येतात तसे बुंध्याशी फुटवे येतात. दोन-तीन पाने आणि स्वतःची मुळे आलेला फुटवाच वेगळा करा. हा सर्वांत सोपा मार्ग.

२) शेंडा : उंच वाढलेल्या झाडाच्या खोडावर हवेत लोंबणारी जाड मुळे दिसतील. अशी दोन-तीन मुळे शेंड्याकडे राहतील अशा बेताने खोड कापा. खालचा खुंट उपटू नका. त्याला नवे फुटवे येतात.

३) खोडाचे तुकडे : दोन-तीन डोळ्यांचा एकेक तुकडा आडवा, अर्धवट उघडा ठेवायचा. यातून रोप तयार होते, पण वेळ लागतो.

बियांच्या मागे लागू नका. बियांच्या रोपाला फूल यायला सुमारे तीन वर्षे लागतात आणि रंग आईसारखा येईलच असे नाही.

कधी आणि कसे?

आषाढ-श्रावणातल्या झडीत कापाकापी नको. गणपती होऊन पावसाचा जोर ओसरला की काम हाती घ्या. हवेत ओल असते, ऊबही असते. सकाळी, पाने कोरडी झाल्यावरच कापा. कापलेल्या जागी लाकडी कोळशाची पूड लावा आणि कलम एक दिवस सावलीत ठेवून जखम सुकू द्या.

कुंडीत माती नको. नारळाच्या सोडणाचे लहान तुकडे, विटांचे खडे आणि लाकडी कोळसा घ्या. खाडीच्या पाण्यात कुजवलेले सोडण असेल तर त्यात मीठ असते आणि अँथुरियमला खार मुळीच सोसत नाही. असे सोडण गोड्या पाण्यात भिजत घाला. पाणी तीन-चार वेळा बदला, मगच वापरा.

लावताना फक्त मुळे झाका, शेंडा वर राहू द्या. हलू नये म्हणून काठीचा आधार द्या. सावली रुपयात बारा आणे, ऊन चार आणे, असा हिशेब ठेवा. बागेची सावली विरळ असेल तर वर जाळी बांधा.

पाणी सकाळी द्या, म्हणजे संध्याकाळपर्यंत पाने सुकतात. आधी सोडणाचा तुकडा मुठीत दाबून बघा. पाणी गळले तर त्या दिवशी पाणी नको. नवे पान फुटेपर्यंत खत घालू नका. पान फुटले म्हणजे मूळ धरले. पुढे झाड वयात आले की साधारण एका पानामागे एक फूल, म्हणून उगाच पाने ओरबाडू नका.

चाकूकडे लक्ष द्या

अँथुरियमचा सर्वांत वाईट रोग म्हणजे जिवाणूजन्य करपा. पानाच्या कडेला पाणी भरल्यासारखे डाग पडतात, त्यांच्याभोवती पिवळी कड दिसते, मग डाग तपकिरी होतात. रोग आत शिरला की देठ पिवळे पडून गळतात आणि झाड जाते. हवाई बेटांवरची हवाही आपल्यासारखीच उबदार आणि दमट. तिथे १९८० नंतरच्या दशकात या रोगाने अनेक लहान बागायतदारांच्या बागा बसवल्या. हा रोग पाण्याच्या शिंतोड्यांनी, हातांनी आणि चाकूने पसरतो. रोगट झाड बरे करणारे औषध नाही.

म्हणून दोन चाकू ठेवा. एक वापरात, दुसरा स्पिरिटमध्ये बुडवलेला. प्रत्येक झाडानंतर चाकू बदला. फुले काढतानाही हाच नियम. डागाळलेल्या झाडापासून रोप करूच नका, ते झाड मुळासकट काढून जाळा. शेजारी अळू किंवा शोभेची त्याच कुळातली झाडे लावू नका, हा रोग त्यांच्यावरही राहू शकतो.

पोफळीवाल्यांसाठी खास सूचना

कोळेरोगासाठी आपण पोफळीवर बोर्डो मिश्रण मारतो. त्यातले तांबे अँथुरियमला बाधते, पाने भाजल्यासारखी होतात. फवारणीआधी कुंड्या हलवा, नाहीतर प्लॅस्टिकने झाका आणि ठिबकणे थांबल्यावर प्लॅस्टिक काढा. कलमाच्या जखमेवरही बोर्डो लावू नका.

थोडक्यात

पहिल्या वर्षी पाचच झाडांवर हात बसवा. फुटव्यापासून सुरुवात करा, शेंडा नंतर. चाकू स्वच्छ, जखम कोरडी, मुळाला हवा, एवढे सांभाळा. शेंडा जगला आणि खुंटही फुटला, की टाकायला निघालेल्या एका झाडाची दोन-तीन झाडे झालीच म्हणून समजा.