पडदा आणि मूल : लेखांक ४
शिकलेलं लगेच दिसत नाही

‘आमचा मुलगा बघतो सगळं, पण कुणावर हात उगारत नाही,’ असं पालक सांगतात, तेव्हा मला अल्बर्ट बांडुरा यांचा १९६५ सालचा प्रयोग आठवतो. अमेरिकेत स्टॅनफर्ड विद्यापीठाच्या बालवाडीतल्या मुलांना त्यांनी एक छोटी फिल्म दाखवली. तीत एक मोठा माणूस हवा भरलेल्या बाहुल्याला ठोसे मारतो, हातोडीने बडवतो. काही मुलांना शेवटी त्या माणसाला शाबासकी आणि खाऊ मिळताना दिसला, काहींना त्याला मार बसताना दिसला. उरलेल्यांची फिल्म बडवण्यापाशीच संपली. नंतर मुलांना तसल्याच बाहुल्यापाशी सोडलं. मार बसलेला पाहिलेल्या मुलांनी नक्कल कमी केली, हे अपेक्षितच होतं. पण ज्यांना पुढचं काहीच दाखवलं नव्हतं, त्यांनी शाबासकीवाल्या मुलांइतकीच नक्कल केली. कुणी रागावलं नाही, म्हणजे चालतं, असा अर्थ मुलांनी आपला आपण लावला.

खरी गोष्ट त्यापुढची आहे. ‘त्याने काय काय केलं ते करून दाखवा, सरबत आणि स्टिकर मिळतील,’ असं सांगताच तिन्ही गटांनी जवळजवळ सारखंच करून दाखवलं. गप्प बसलेली मुलंही सगळं शिकून बसली होती.

बाहुल्याला मारणं म्हणजे माणसाला मारणं नव्हे, हा आक्षेप रास्त आहे. म्हणूनच दीर्घकाळचे अभ्यास महत्त्वाचे. लिओनार्ड एरन यांनी १९६० मध्ये न्यूयॉर्क राज्यातल्या आठ वर्षांच्या मुलांपासून सुरुवात केली. आठव्या वर्षी मारामारीचे कार्यक्रम आवडणारे मुलगे दहा वर्षांनंतर अधिक आक्रमक आढळले. मुलींमध्ये तसं दिसलं नाही. घरातली मारहाण आणि हलाखी ही कारणंही असतातच, सगळा दोष टीव्हीच्या माथी मारता येत नाही. पण त्याला साफ मोकळंही सोडता येत नाही.

आपल्याकडे १९९७ मध्ये दूरदर्शनवर ‘शक्तिमान’ ही मालिका सुरू झाली, तेव्हा मुलं उंचावरून उड्या मारत असल्याच्या बातम्या आल्या आणि नायकालाच पडद्यावरून ‘असं करू नका’ म्हणून समजवावं लागलं. अशी नक्कल निदान डोळ्यांना दिसते. भीती दिसत नाही, आणि मला तिचीच जास्त काळजी वाटते. रायपूरच्या तात्यापाऱ्यातल्या एखाद्या मराठी घरात रात्रीचं जेवण चाललेलं असतं, आजी गुन्ह्यांची हिंदी मालिका लावून बसलेली असते, नातू तिथेच गृहपाठाची वही उघडून असतो. तो बघत नाहीये असं सगळ्यांना वाटतं. झोपताना तो विचारतो, ‘आजी, दाराला कडी लावलीस ना?’ माध्यमांचे अभ्यासक जॉर्ज गर्बनर यांनी हेच मांडलं होतं : पडद्यावर सतत हिंसा पाहणाऱ्याला जग आहे त्यापेक्षा जास्त धोक्याचं वाटू लागतं.

याच रायपूरच्या आसपासच्या खेड्यांत टीव्ही फार वेगळ्या रीतीने आला. १ ऑगस्ट १९७५ ते ३१ जुलै १९७६ या वर्षात ‘साइट’ प्रयोगाखाली सहा राज्यांतल्या सुमारे २,४०० गावांत उपग्रहावरून कार्यक्रम पोहोचले. त्यात हा भागही होता. सकाळी दीड तास शाळकरी मुलांसाठी, संध्याकाळी अडीच तास गावासाठी. संच सगळ्यांचा, वेळ ठरलेली, पाहणं चार जणांत. तो काळ परत आणा असं मी म्हणणार नाही. त्या संचावर काय लागेल ते सरकार ठरवत होतं. पण मूल तेव्हा पडद्यासमोर एकटं नव्हतं.

आता वाहिन्यांच्या स्वयंनियमनात मोठ्यांच्या कार्यक्रमांसाठी रात्री ११ ते पहाटे ५ ही वेळ राखलेली आहे. मोबाइलला असलं वेळापत्रक नाही. त्यामुळे बांडुरांच्या फिल्ममध्ये गाळलेला शेवट घरच्यांनीच भरायचा आहे. मारामारी संपली, नायक निघून गेला, की नातवाला एवढंच विचारावं : तो खाली पडलेला माणूस घरी कसा गेला असेल? त्याच्या घरी कोण वाट बघत असेल? आणि त्याचं उत्तर पुरतं ऐकून होईपर्यंत पुढचा भाग लावू नये.