प्रवाळभित्तीतला गवंडी

प्रवाळ म्हटलं की मालवण किंवा लक्षद्वीपचं उथळ, उन्हाने उजळलेलं पाणी डोळ्यांपुढे येतं. पण नॉर्वेच्या समुद्रात, जिथे सूर्यकिरण पोचत नाहीत अशा थंडगार खोलीवरही प्रवाळ वाढतात. त्यांतला मुख्य लोफेलिया पर्टुसा. नव्या वर्गीकरणात त्याला डेस्मोफायलम म्हणतात. उथळ पाण्यातल्या बहुतेक भित्तीबांधक प्रवाळांना अंगातलं शैवाल अन्न पुरवतं. लोफेलियाला ती सोय नाही. प्रवाहातून वाहत येईल ते पकडायचं आणि त्यावर गुजराण करायची. त्याची फांदी वर्षाला काही मिलिमीटर, फार तर दोन-अडीच सेंटिमीटर वाढते.

तरीही लोफोटेन बेटांजवळ, 300 ते 400 मीटर खोलीवर, 2002 मध्ये सुमारे 35 किलोमीटर लांबीची रोस्ट प्रवाळभित्ती सापडली. इतकं अवाढव्य बांधकाम प्रवाळाने एकट्याने केलेलं नाही.

त्याचा सोबती म्हणजे युनिस नॉर्व्हेजिका हा समुद्री कृमी. लिनियसने 1758 मध्ये या प्रवाळाची शास्त्रीय नोंद केली आणि 1767 मध्ये या कृमीचीही. वीतभर वाढू शकणारं खंडाखंडांचं शरीर, डोक्यावर पाच स्पर्शिका, तोंडात बळकट जबडे. फांद्यांच्या बेचक्यांतून तो चर्मपत्रासारखी पातळ नळी विणत नेतो आणि तिच्यात राहतो. प्रवाळ त्या नळीवर चुन्याचा थर चढवतो. मऊ नळी हळूहळू कठीण होते, शेजारच्या फांद्या एकमेकींना जखडल्या जातात आणि जाळी मजबूत होते. मरे रॉबर्ट्स यांनी 2005 मध्ये मत्स्यालयातली निरीक्षणं प्रसिद्ध केली. त्यांत हे कृमी प्रवाळाचे सुटे तुकडे ओढून एकत्र आणताना दिसले. सैल तुकडे जुळवून भिंत उभी करणारा हा गवंडीच. अधूनमधून तो यजमानाच्या तोंडचा घासही पळवतो.

मग हा सोबती की चोर? 2013 मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रयोगात दोघांना एकत्र आणि वेगवेगळं ठेवून, माग काढता येईल असा खुणेचा कार्बन आणि नायट्रोजन असलेलं अन्न दिलं गेलं. प्रवाळासोबत असताना कृमीच्या अंगी दुपटीपासून चौपटीपर्यंत अन्न लागलं. तरीही प्रवाळ उपाशी राहिला नाही. कृमीला फारसे न रुचणारे बारीक शैवालकण त्याने जास्त खाल्ले. आणि त्याच्या सांगाड्यात चुना साठण्याचा वेग चौपटीपर्यंत गेला. घासाची किंमत कृमी बांधकामात फेडतो, असाच अर्थ यातून निघतो.

हे सगळं ट्रॉलरच्या एका फेरीत मोडतं. तळ खरवडत जाणाऱ्या जाळ्यांनी नॉर्वेतल्या 30 ते 50 टक्के प्रवाळभित्तींना इजा पोचल्याचा अंदाज 2002 मध्ये मांडला गेला. नॉर्वेने 1999 मध्येच या भित्तींना कायद्याचं संरक्षण दिलं होतं. खरं तर जपायला हवी ती प्रवाळ-कृमींची जोडी, केवळ प्रवाळ नव्हे. मोडलेलं पुन्हा उभं राहायला किती काळ लागतो, त्याचा अंदाज स्कॉटलंडच्या वायव्येला, सुमारे 1000 मीटर खोलीवरच्या ‘डार्विन माउंड्स’वरून येतो. तिथे 2003 मध्ये ट्रॉलिंग थांबवलं. आठ वर्षांनी, 2011 मध्ये पाहणी झाली, तेव्हा जाळ्यांनी उद्ध्वस्त केलेल्या उंचवट्यांवर नव्याने रुजलेला प्रवाळ आढळला नाही.