वाटपाचा दावा आणि तात्पुरता मनाई हुकूम

एकत्र कुटुंबाच्या जमिनीच्या वाटपाचा दावा वर्षानुवर्षे चालतो. पेरणीचा हंगाम मात्र थांबत नाही. म्हणून अंतिम निकालापूर्वीच, जमीन विकू नये अथवा वहिवाटीस हरकत करू नये, असा तात्पुरता मनाई हुकूम न्यायालय देऊ शकते. सकृद्दर्शनी हक्क, उभयतांच्या सोयीगैरसोयीचा तोल व भरून न येणारी हानी, एवढे त्या वेळी पाहिले जाते.

हुकूम विरुद्ध गेल्यास शेतकऱ्याने हताश होऊ नये. दिवाणी न्यायाधीश, कनिष्ठ स्तर, यांच्या अशा हुकुमावर जिल्हा न्यायालयात ३० दिवसांचे आत अपील करता येते. नक्कल मिळण्यास लागलेले दिवस त्यात धरले जात नाहीत. तथापि वरिष्ठ न्यायालय सहसा पुरावा नव्याने तोलीत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९९० साली वाँडर विरुद्ध अँटॉक्स या प्रकरणी (वाद व्यापारचिन्हाचा होता, परंतु तत्त्व शेतजमिनीसही लागू पडते) असे ठरविले की, खालच्या न्यायालयाने मनमानी केली किंवा प्रस्थापित तत्त्वे डावलली, तरच हस्तक्षेप व्हावा. सबब सातबारा, फेरफार, ऊसबिले हे सारे कागद पहिल्याच न्यायालयात दाखल करावेत. अपिलावर दुसरे अपील नाही. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालयाकडे जाता येते, पण तेथील वाव याहूनही अरुंद आहे.

मनाई नाकारली गेली, तरी दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवावी. महाराष्ट्रात अशी नोंद झाल्यावर जमीन घेणारा अंतिम निकालास बांधला जातो.

अपील केल्याने हुकूम आपोआप स्थगित होत नाही. स्थगिती निराळी मागावी लागते. तोवर मनाई मोडून नांगर घातल्यास ३ महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते.