रॉ: भाषांतराआधीची टेप

१९७७ साली लॉस एंजेलिसमध्ये ‘कार्टून/फॅन्टसी ऑर्गनायझेशन’ हा अ‍ॅनिमेप्रेमींचा क्लब सुरू झाला. तिथे पुष्कळदा जपानी मालिका जशाच्या तशा लावल्या जात. डबिंग नाही, सबटायटल नाही. जपानी जाणणारा एखादा असला तर तो कथा सांगे, नाहीतर टंकलेलं कथासार हातोहात फिरे. बाकीचं चित्रांवरून जुळवायचं.

टेपा टपालाने येत. अमेरिकी चाहते ‘स्टार ट्रेक’सारख्या मालिका रेकॉर्ड करून जपानला पाठवत, बदल्यात तिकडून अ‍ॅनिमे येई. दोन्हीकडे एनटीएससी ही दूरचित्रवाणीची पद्धत असल्याने टोकियोची कॅसेट कॅलिफोर्नियात सरळ चाले.

ऐंशीच्या दशकाअखेर अमिगा संगणक आणि चित्रावर अक्षरं बसवणारं जेनलॉक यंत्र घेऊन चाहतेच सबटायटल चढवू लागले. कॉपीची कॉपी काढत गेलं की चित्र विटतं, म्हणून मूळ टेप जितकी स्वच्छ तितकी मोलाची.

इंटरनेट आल्यावर या बिनभाषांतराच्या चित्रफितीला ‘रॉ’ हेच नाव रूढ झालं. जपानमधला कुणी मध्यरात्रीचा भाग रेकॉर्ड करायचा, जाहिराती कापायचा, फाइल लहान करून विनी किंवा शेअर या फाइल-वाटपाच्या नेटवर्कवर सोडायचा. मग परदेशातले फॅनसब गट कामाला लागायचे. प्रक्षेपणात नेमकी भूकंपाची सूचनापट्टी झळकली, तर दुसऱ्या वाहिनीवरून केलेल्या रेकॉर्डिंगची वाट पाहावी लागे. भाषांतरकाराचं कौतुक झालं, या रात्रपाळीचं फारसं झालं नाही.

हे सारं हक्कधारकांच्या परवानगीविना चाले, हे लपवण्यात अर्थ नाही. पण किंमत मोजली ती विनीचा प्रोग्रॅम लिहिणाऱ्या इसामु कानेको यांनी. मे २००४ मध्ये त्यांना अटक झाली. २००६ साली क्योतोच्या न्यायालयाने त्यांना १५ लाख येन दंड ठोठावला, ओसाकाच्या उच्च न्यायालयाने २००९ मध्ये निर्दोष ठरवलं आणि २०११ अखेर सर्वोच्च न्यायालयाने तेच कायम केलं. साधन घडवणाऱ्याला गुन्हेगार ठरवणं अन्यायाचंच होतं.

जानेवारी २००९ मध्ये क्रंचीरोल या स्ट्रीमिंग सेवेवर ‘नारुतो शिप्पुदेन’चे भाग जपानी प्रक्षेपणानंतर तासाभरातच सबटायटलसह अधिकृतपणे येऊ लागले आणि नव्या मालिकांसाठी रॉची निकड ओसरली. ऑक्टोबर २०१२ पासून जपानमध्ये बेकायदा डाउनलोडलाही तुरुंगवासाची तरतूद झाली.

कानेको २०१३ साली, ४२ व्या वर्षी गेले. सर्वोच्च न्यायालयात निर्दोष ठरल्यानंतर त्यांना दीड वर्षच मिळालं.