कार्ल्याचे ग्रीक, आटपाडीचे गलाईवाले!

माहीत आहे का? लोणावळ्याजवळच्या कार्ले लेणीत खांबांवर चक्क ‘फॉरेनर’ देणगीदारांची नावं आहेत! गावच्या देवळात पायरीवर ‘अमुक यांजकडून’ असं कोरतात ना, अगदी तस्संच. सुमारे 2000 वर्षांपूर्वीचे हे दाते स्वतःला ‘यवन’ म्हणवतात, म्हणजे ग्रीक मुलखाकडचे. गाव धेनुकाकट. आणि नावं? सिहधय, धम्म. एकदम देशी!

दुष्काळी पट्ट्यातल्या वाचकांनो, हे तुमच्यासाठी: जुन्नरला इरिल नावाच्या यवनाने काय दान दिलं असेल? पाण्याची दोन टाकी! आटपाडीकर याला तिथल्या तिथे फेटा बांधतील.

कोल्हापूरही मागे नाही. ब्रह्मपुरीच्या टेकडीत ग्रीकांचा समुद्रदेव सापडला. ब्रॉन्झचा पोसायडन, थेट पंचगंगेकाठी. समुद्र सोडून देव घाटावर!

आता या यवनांच्या मागे लागलेला माणूस बघा. दामोदर धर्मानंद कोसंबी. जन्म गोव्यातला, 1907 चा. शिक्षण हार्वर्डचं, पेशा गणिताचा आणि छंद? इतिहास! पुण्याहून मुंबईला नोकरीसाठी डेक्कन क्वीनने अप-डाऊन करायचे. हजारो प्राचीन नाणी तराजूत तोलून त्यांनी इतिहासाला खरोखरच ‘वजन’ दिलं. 1955 साली धेनुकाकटवर अख्खा लेख लिहिला आणि ती कार्ल्याजवळची ग्रीक व्यापाऱ्यांची वसाहत असावी, असं मांडलं. सगळ्यांना पटलं नाही, ते सोडा. राजांची सनावळी बाजूला ठेवून दात्यांचं गाव आणि धंदा विचारणारा इतिहासकार मिळणं, हीच मोठी लॉटरी.

माहीत आहे का, कोसंबी मेंढपाळांच्या वाटाही धुंडाळायचे? जुन्या वाटा, वाटेवरचे देव आणि आसपास सापडणारी अश्मयुगातली इवलीशी दगडी हत्यारं यांची सांगड त्यांनी घातली. धनगरवाड्यांच्या माणदेशात या पद्धतीला केवढं काम! म्हसवड आणि खरसुंडीचा सिद्धनाथ, तिथल्या यात्रा, खिल्लार जनावरांचे बाजार... पीएचडीवाले, ऐकताय ना?

आणि शेवटचा बॉम्ब! परमुलखात जाऊन व्यापार करणारे फक्त ग्रीकच नव्हेत हं. आटपाडी, खानापूर, तासगावकडचे गलाईवाले बघा. पाऊस रुसला, माणसं निघाली आणि तमिळनाडू, केरळपासून उत्तरेपर्यंत सराफ बाजारांत यांच्या भट्ट्या पेटल्या. जुने दागिने वितळवायचे, सोनं-चांदी शुद्ध करायची. सोनाराच्या दुकानातला केरसुद्धा वाया जात नाही, त्यातलेही सोन्याचे कण निघतात. मातीचं सोनं करतात, ते असं!

या मंडळींचा इतिहास अजून बराचसा घरातल्या म्हाताऱ्यांच्या तोंडीच आहे. तुमच्या घरात कुणी गलाईवाले आजोबा असतील, तर आजच मोबाइलचा रेकॉर्डर ऑन करा आणि विचारा, ‘आबा, पहिली भट्टी कुठं लावली होती?’